प्रश्न मानसशास्त्रातला होता

बॅकप्रोपगेशन ही निखळ गणिताची गोष्ट आहे, मानसशास्त्राचा तिच्याशी संबंध नावापुरता, असं माझं पक्कं मत होतं. अभियांत्रिकी महाविद्यालयात मशीन लर्निंग शिकवायला लागल्यापासून वर्गात मी ते बोलूनही दाखवत असे. आता मला तसं वाटत नाही. मत बदलायला कारण झालं डेव्हिड रुमेलहार्ट यांचं काम, आणि तेही १९८६च्या ज्या लेखामुळे त्यांचं नाव संगणकवाल्यांच्या तोंडी बसलं, त्याच्या आधीचं. हे सविस्तर लिहावंसं वाटतं, कारण त्या मताचा परिणाम माझ्यापुरता राहिला नव्हता. मन, भाषा, स्मरण अशा विषयांकडे ओढा असलेली मुलंमुली प्रोजेक्टच्या निमित्ताने येऊन बसत, तेव्हा 'आधी गणित पक्कं करा, बाकीचं सवडीने वाचा' असं मी त्यांना सांगत असे, आणि ती ऐकतही असत.

जुन्या मताला आधार नव्हता असं नाही. बॅकप्रोपगेशनमध्ये न्यूरल नेटवर्कने, म्हणजे थरांत एकमेकांना जोडलेल्या लहान घटकांच्या जाळ्याने, दिलेलं उत्तर आणि हवं असलेलं उत्तर यांतला फरक काढतात. त्या फरकात कुठल्या जोडणीचा वाटा किती, हे शेवटच्या थरापासून उलटं मागे येत मोजतात आणि त्या हिशेबाने प्रत्येक जोडणी जराशी कमी-जास्त करतात. हेच पुन्हा पुन्हा करत राहायचं. गणित म्हणाल तर बारावीच्या पुस्तकातला चेन रूल. शिवाय हे गणित १९८६च्या लेखाआधीही मांडलं गेलं होतं. फिनलंडमध्ये सेप्पो लिनैनमा यांनी १९७० साली, संगणकावरच्या आकडेमोडीत चुका कशा साठत जातात याचा विचार करताना, हीच उलटी चाल मांडली. पॉल वर्बोस यांनी १९७४ साली हार्वर्डच्या प्रबंधात ती लिहिली. १९८५मध्ये डेव्हिड पार्कर आणि फ्रान्समध्ये यान लकुन हेही आपापल्या वाटेने तिथेच पोचले होते. इतक्या जणांना इतक्या दिशांनी जे सापडतं, ते कुणा एकाच्या शास्त्रातून आलेलं कसं म्हणायचं? माझा युक्तिवाद हा होता, आणि त्यातला सूत्रापुरता भाग मी आजही मान्य करते.

'रुमेलहार्ट, हिंटन आणि विल्यम्स, १९८६' हा संदर्भ मी फळ्यावर किती वेळा लिहिला असेल, पण पहिलं नाव कुणाचं हे पाहायला कधी गेले नव्हते. गेले ती एका विद्यार्थिनीच्या प्रोजेक्टमुळे. तिला मराठी वाचायला शिकणाऱ्या मुलांवर काही करायचं होतं आणि तिने आणलेल्या जुन्या लेखांच्या गठ्ठ्यात सगळीकडे हेच नाव होतं. सुरुवातीला मला वाटलं, हे दुसरेच कुणी रुमेलहार्ट असतील.

ते तेच होते. १९४२ साली अमेरिकेतल्या साउथ डकोटा राज्यात, मिचेल नावाच्या लहानशा गावात जन्म. त्याच राज्याच्या विद्यापीठात मानसशास्त्र आणि गणित हे दोन्ही विषय. मग स्टॅनफर्डला विल्यम एस्टिस यांच्याकडे गणिती मानसशास्त्रात पीएचडी, १९६७. त्याच वर्षी सान डिएगोच्या कॅलिफोर्निया विद्यापीठात नोकरी, आणि पुढची २० वर्षं तिथेच.

या २० वर्षांत त्यांनी हाताळलेले विषय एकामागून एक वाचले की मला एकच माणूस एकाच गोष्टीभोवती फिरताना दिसतो. १९७५ साली त्यांनी गोष्ट समजते म्हणजे काय होतं यावर लिहिलं. उदाहरण अगदी साधं: एक लहान मुलगी हातात फुग्याची दोरी घट्ट धरून आहे, वारा फुगा उडवून नेतो, तो झाडाच्या फांदीला लागून फुटतो, मुलगी रडते. ती फुगा फुटला म्हणून रडते असं गोष्टीत कुठेही लिहिलेलं नाही. ते आपण भरतो. वाचणारा आपल्याजवळचं ज्ञान वाक्यांत ओततो आणि तेव्हा कुठे वाक्यांची गोष्ट होते. हे भरणं नेमकं कसं चालतं, त्याचे नियम लिहून काढायचा त्यांचा प्रयत्न होता. त्याच सुमारास डोनाल्ड नॉर्मन आणि इतर सहकाऱ्यांबरोबर स्मरणातल्या अर्थांची जाळी कागदावर मांडायचं कामही चालू होतं.

मग ते गोष्टीवरून शब्दाकडे आणि शब्दावरून अक्षराकडे उतरले. माझं मत जिथे पहिल्यांदा हललं ती जागा ही.

मानसशास्त्रात एक जुना, पक्का निष्कर्ष आहे. पडद्यावर क्षणभर एखादं अक्षर चमकवायचं आणि लगेच झाकायचं. ते अक्षर एकटं असताना जितकं ओळखू येतं, त्याहून शब्दात असताना जास्त चांगलं ओळखू येतं. अंदाजाने ठोकून दिलं असेल अशी शंका येऊ नये म्हणून जेराल्ड राइकर यांनी १९६९ साली प्रयोग चोख बांधला: शेवटचं अक्षर 'के' होतं की 'डी' असं विचारायचं, आणि शब्द असा घ्यायचा की दोन्ही अक्षरांनी खरा शब्दच होईल, 'वर्क' किंवा 'वर्ड'. तरीही शब्दातलं अक्षर सरस ठरलं. ही खरं तर विचित्र गोष्ट आहे. अक्षरं ओळखल्यावर शब्द ओळखतो असं आपण धरून चालतो, मग शब्दाची मदत अक्षराला होते कशी? अक्षर अजून पुरतं ओळखलंही नाही, तोवर शब्द कुठून आला?

रुमेलहार्ट आणि जे मॅक्लेलंड यांनी १९८१-८२मध्ये यावर एक प्रारूप मांडलं. खालच्या थरात रेघा, मधल्या थरात अक्षरं, वरच्या थरात चार अक्षरी ११७९ इंग्रजी शब्द. प्रत्येक शब्द हा एक लहानसा घटक. अक्षरं शब्दांना चेतवतात, शब्द उलटे खाली अक्षरांना चेतवतात आणि एकमेकांशी न जुळणारे घटक एकमेकांना दाबतात. समजा 'वर्क'मधलं शेवटचं अक्षर शाई सांडून असं अर्धवट झालंय की ते 'आर' असेल किंवा 'के'. नुसत्या रेघांवरून निकाल लागत नाही. पण पहिल्या तीन अक्षरांमुळे 'वर्क' हा शब्द थोडासा चेततो, तो 'के'ला जोर देतो, 'के'मुळे शब्द आणखी चेततो, आणि काही फेऱ्यांत 'के' ठरतं. कुणी वरून हुकूम देत नाही. कुठे नियम लिहिलेला नाही. मेडिकलच्या दुकानात डॉक्टरांची चिठ्ठी वाचणाऱ्या माणसाच्या डोक्यात जे होतं, ते पहिल्यांदाच कुणी आकड्यांत चालवून दाखवलेलं मी पाहत होते.

पण या प्रारूपातल्या जोडण्या हाताने बसवलेल्या होत्या. कुठल्या जोडणीचा जोर किती, हे संशोधकांनी करून पाहून ठरवलं होतं. ११७९ शब्दांपुरतं ते चालतं. मूल वाचायला शिकतं तेव्हा त्याच्या डोक्यात कोण जोडण्या बसवायला जातं? त्या आपोआप, अनुभवातून बसायला हव्यात. आणि अडचण नेमकी इथेच होती. इनपुट आणि आउटपुट यांच्यामध्ये लपलेला थर असला तर त्या थराला शिकवायचं कसं, हे रुमेलहार्ट आणि मॅक्लेलंड यांना ठाऊक नव्हतं. मधला थर नसलेलं नेटवर्क काय काय करू शकत नाही, हे मिन्स्की आणि पॅपर्ट यांनी १९६९ साली गणिताने दाखवून दिलं होतं, आणि मधला थर घेतला तर त्याच्या चुकीचा हिशेब तेव्हा नेटवर्कवाल्यांच्या वापरात नव्हता.

म्हणजे १९८२ साली रुमेलहार्ट बॅकप्रोपगेशनपाशी आले ते वाचनाच्या प्रश्नातून चालत. निदान त्यांचे लेख ओळीने वाचून मला तरी दुसरा अर्थ लागत नाही. माणूस नियम न शिकवताही नियमात बसणारं वागतो, ते कसं, हा त्यांचा प्रश्न होता. सूत्र त्या वाटेवर लागलं.

त्याच वर्षाच्या सुरुवातीला सान डिएगोच्या ला होयात एक गट जमला होता. रुमेलहार्ट, मॅक्लेलंड, आणि काही महिन्यांसाठी आलेले जेफ्री हिंटन हे त्याचे मुख्य. हिंटन आज सर्वांना माहीत आहेत, २०२४चं भौतिकशास्त्राचं नोबेल त्यांना जॉन हॉपफील्ड यांच्यासोबत मिळालं. पण त्यांची पहिली पदवी केंब्रिजची, प्रायोगिक मानसशास्त्रातली, हे मला ठाऊक नव्हतं. बॅकप्रोपगेशनची कल्पना मुळात रुमेलहार्ट यांची, हे हिंटन यांनी जाहीरपणे सांगितलं आहे, आणि नोबेलच्या वेळीही आपले मार्गदर्शक म्हणून त्यांचं नाव आवर्जून घेतलं. १९८६च्या लेखाचे तिसरे लेखक रोनाल्ड विल्यम्स गणिताचे. तिघांत दोघे मानसशास्त्रातून आलेले. डीएनएची रचना उलगडणारे फ्रान्सिस क्रिक शेजारच्या साल्क संस्थेत होते, तेही या गटात येत आणि मेंदूतल्या पेशी खरोखर काय करतात याची आठवण इतरांना देत.

आता तो १९८६चा लेख. नऊ ऑक्टोबरच्या 'नेचर'मध्ये, जेमतेम चार पानं. मी वर्गात त्यातलं सूत्र काढून घेई आणि पुढची पानं सोडून देई. त्या पुढच्या पानांवर दोन कुटुंबं आहेत, एक इंग्रज, एक इटालियन. प्रत्येकात १२ माणसं. दोन्ही वंशवृक्षांची रचना हुबेहूब सारखी. आई, वडील, नवरा, बायको, काका, आत्या, भाचा अशी १२ नाती. नेटवर्कला एक माणूस आणि एक नातं द्यायचं, उत्तर माणसाचं यायला हवं. कॉलिनच्या मावशी-आत्या कोण, तर जेनिफर आणि मार्गारेट. अशी एकूण १०४ विधानं होतात. त्यांतली १०० विधानं १५०० फेऱ्यांत शिकवली. उरलेली चार दाखवलीच नाहीत, तरी नेटवर्कने ती बरोबर सांगितली.

हे कसं जमलं ते पाहायला लेखकांनी मधल्या थरातले सहा घटक उघडून पाहिले. नेटवर्कला दिलेल्या माहितीत प्रत्येक माणूस म्हणजे नुसता एक वेगळा दिवा होता. कोण इंग्रज, कोण इटालियन, कोण आजोबांच्या पिढीतलं, कोण नातवंडांच्या, यातलं काहीही सांगितलेलं नव्हतं. पण त्या सहांपैकी एक घटक इंग्रज-इटालियन असा भेद करायला लागला होता. एक पिढी ओळखत होता. एक, घराण्याची कुठली शाखा ते. नात्यांच्या प्रश्नांची उत्तरं देता देता नेटवर्कने पिढी नावाची गोष्ट स्वतः शोधून काढली होती, कारण तिच्यावाचून नाती सांगता येत नाहीत.

हे कुटुंबांचं उदाहरण मुळात हिंटन यांचं, हेही सांगायला हवं. पण मला त्यातून जे दिसलं ते तिघांच्या लेखाचं मर्म आहे. लिनैनमा आणि वर्बोस यांच्याकडे सूत्र होतं. ते चालवून मधल्या थरात काय उगवतं हे डोकावून पाहावं असं वाटायला मात्र वेगळा प्रश्न मनात असावा लागतो. माणसाच्या मनात कल्पना कशा तयार होतात, हे ज्याला शोधायचंय तोच तो थर उघडतो. आज प्रतिमा ओळखणाऱ्या किंवा मराठीत उत्तरं देणाऱ्या प्रचंड नेटवर्कमध्ये आपण 'रिप्रेझेंटेशन' म्हणून ज्याची चर्चा करतो, त्याची सुरुवात त्या सहा घटकांत आहे. सूत्र आज ना उद्या सगळ्यांच्या हाती आलंच असतं. त्याचा हा अर्थ आला असता, असं मला आता वाटत नाही.

रुमेलहार्ट यांचं सगळंच मला पटलं असंही नाही. १९८६मध्येच आलेल्या त्यांच्या दोन खंडांच्या ग्रंथात इंग्रजी क्रियापदांच्या भूतकाळावर एक प्रकरण आहे. आपल्याकडे मूल आधी 'केलं' बरोबर म्हणतं, मग काही दिवस 'करलं' म्हणायला लागतं आणि नंतर पुन्हा 'केलं'वर येतं, तसंच इंग्रजी मुलांचंही होतं. रुमेलहार्ट आणि मॅक्लेलंड यांनी नियम न घालता नेटवर्ककडून हा चढउतार करवून दाखवला. १९८८मध्ये स्टीव्हन पिंकर आणि ॲलन प्रिन्स यांनी त्याची कसून चिरफाड केली. नेटवर्कला आधी दहाच क्रियापदं शिकवली आणि मग एकदम ४१० ओतली, त्यामुळे तो उतार आला. मुलांच्या शब्दसंग्रहात अशी अचानक भर पडत नाही, हा त्यांचा आक्षेप मला बिनतोड वाटतो. मेंदू अक्षरशः बॅकप्रोपगेशन करतो असं मानायलाही फारसा आधार नाही, आणि क्रिक यांनी १९८९मध्ये ते स्पष्ट लिहिलं. तरी हा वाद वाचताना मला हेवा वाटला. नेटवर्कची तपासणी एका लहान मुलाच्या बोलण्याशी ताडून होत होती. नुसतं उत्तर बरोबर येऊन भागत नव्हतं, चुकासुद्धा माणसासारख्या व्हायला हव्या होत्या. आज आम्ही मुलांना अचूकतेची टक्केवारी काढायला शिकवतो आणि तिथेच थांबतो.

१९८७मध्ये रुमेलहार्ट स्टॅनफर्डला परतले. त्याच वर्षी मॅकआर्थर फेलोशिप. १९९०च्या सुमाराचं त्यांचं एक छोटं नेटवर्क आहे: पाइन, ओक, गुलाब, डेझी, रॉबिन, कॅनरी आणि दोन मासे. कॅनरी उडू शकते, माशाला कल्ले असतात, अशी विधानं त्याला शिकवायची. ते आधी वनस्पती आणि प्राणी वेगळे करतं, मग पक्षी आणि मासे, आणि सगळ्यात शेवटी कॅनरी आणि रॉबिन यांतला फरक. लहान मुलं अशीच शिकतात, ढोबळाकडून बारकाव्याकडे. पुढे मॅक्लेलंड आणि टिमथी रॉजर्स यांनी २००४च्या पुस्तकात हेच नेटवर्क वाढवून घेतलं आणि त्याच्या जोडण्या थोड्या थोड्या बिघडवल्या. आता ज्ञान उलट्या क्रमाने गेलं. आधी कॅनरी गेली, पक्षी राहिला. मग पक्षीही गेला, प्राणी तेवढा राहिला. सिमँटिक डिमेन्शिया झालेल्या रुग्णांत नेमकं हेच होतं.

रुमेलहार्ट यांना पिक्स डिसीज झाला, त्याच कुळातला मेंदूचा आजार. १९९८मध्ये त्यांना स्टॅनफर्ड सोडावं लागलं. शेवटची वर्षं ते मिशिगनमध्ये भावाजवळ राहिले आणि मार्च २०११मध्ये, ६८व्या वर्षी गेले. हे सगळं मी एका बैठकीत वाचलं आणि मला पुढे काही दिवस ते नेटवर्क वर्गात शिकवता आलं नाही.

त्यांचे जुने विद्यार्थी रॉबर्ट ग्लुश्को आणि त्यांच्या पत्नी पॅमेला सॅम्युएलसन यांनी रुमेलहार्ट यांच्या नावाने संज्ञानविज्ञानाचं (कॉग्निटिव्ह सायन्सचं) मोठं पारितोषिक ठेवलं आहे. २००१मध्ये पहिलं हिंटन यांना मिळालं. संज्ञानविज्ञानवाले त्यांना विसरलेले नाहीत. विसर पडला तो आमच्या बाजूला, आणि अभ्यासक्रम ठरवणाऱ्या समितीत मी बसते म्हणून तो भरून काढणं मला माझं काम वाटतं.

आता मी क्रम बदलला आहे. चेन रूल नंतर. आधी वर्गात चमकणाऱ्या अक्षरांचा प्रयोग, मुलांवर मुलांनीच करायचा. मन आणि भाषेकडे ओढा असलेलं कुणी आलं तर कानपूर आणि गांधीनगरच्या आयआयटीत, अलाहाबाद विद्यापीठात संज्ञानविज्ञान शिकता येतं हे मी स्वतःहून सांगते. घरचे विचारतात, याला नोकरी कुठे? प्रश्न रास्त आहे, आणि त्याचं सोपं उत्तर माझ्याकडे नाही. तरी सांगते.

प्रयोग मराठीतून करायला घेतल्यावर मुलांनी मला एका वेगळ्याच अडचणीत उभं केलं आहे. रुमेलहार्ट आणि मॅक्लेलंड यांच्या प्रारूपात चार ठरलेल्या जागा आहेत, प्रत्येक जागी एक अक्षर. देवनागरीत जागा कुठली मोजायची? 'किती'मधली पहिली वेलांटी 'क'च्या आधी लिहिली जाते आणि उच्चारली जाते नंतर. 'स्त्री'त तीन व्यंजनं आणि एक स्वर एकाच जागी बसलेत. काही मुलांचं म्हणणं, अक्षर म्हणजे सगळा जोडाक्षराचा ठसा, तोच एक घटक धरा. बाकीची म्हणतात, मग हजारो घटक होतील आणि 'कि'-'की'तलं साम्य नेटवर्कला कळणारच नाही, म्हणून व्यंजन आणि मात्रा वेगळ्या ठेवा. दोन्ही प्रारूपं लिहून झाली आहेत. आता त्यांच्या चुका माणसांच्या चुकांशी ताडून पाहायच्या आहेत, आणि त्यासाठी वाचायला नुकतीच शिकलेली मुलं लागतील. जवळच्या प्राथमिक शाळेच्या बाईंनी दिवाळीच्या सुट्टीनंतर या म्हणून सांगितलं आहे.